पुस्तक सापडले पाहिजे

शीव कोळीवाड्यातली कोळीण बाजारात कशी बसते, बघा. पापलेट एका पाटीत, बोंबील दुसऱ्या पाटीत, कोळंबी तिसरीत. सगळे एकत्र ओतले तर? गिऱ्हाईक कंटाळून निघून जाईल. म्हावरं असून नसल्यासारखं.

पुस्तकांचेही असेच आहे. आम्ही शाळेत होतो तेव्हा पुस्तकांचे कपाट होते, पण यादी नव्हती. मुलगा पुस्तक मागे. आम्ही शोधत राहू. तोवर घंटा होई. मुलगा हात हलवीत परत जाई.

मराठी पुस्तकांची अशी यादी शंकर गणेश दाते यांनी केली. अशा यादीला सूची म्हणतात. पुस्तकाचे नाव काय, लिहिले कोणी, छापले कधी, हे त्यांनी एकेका पुस्तकाचे टिपले. मग विषयवार लावले. शेतीची पुस्तके शेतीत, औषधांची औषधांत. १८०० ते १९३७ या काळातल्या पुस्तकांची सूची १९४३ साली निघाली. १९३८ ते १९५० ची १९६१ साली निघाली. तिला लोक दातेसूची म्हणतात.

आता हे काम संगणकावर चालते. जुन्या पुस्तकाच्या पानापानाचा फोटो काढतात. तो घरबसल्या पाहता येतो. कागद कुजला तरी पान राहते. पण फोटो म्हणजे चित्र. चित्रातला शब्द संगणकाला शोधता येत नाही. म्हणून त्याला अक्षरे ओळखायला शिकवतात.

तोही चुकतो बरं का! शाई पसरलेली असते, खिळा झिजलेला असतो. मग तो 'घर'चे 'धर' वाचतो. पुढे कोणी 'घर' शोधले, तर ते पान त्याला मिळत नाही. पान असून हरवते.

म्हणून माणूस लागतो. मराठी विकिस्रोत नावाचे संगणकावरचे ग्रंथालय आहे. तिथे लोक एका बाजूला फोटो ठेवतात, दुसऱ्या बाजूला संगणकाने वाचलेली अक्षरे. ओळ ओळ ताडून चुका सुधारतात. पगार नाही, हौसेने करतात.

घ आणि ध यांत तुम्हीही चुकत होता ना? आता चुकत नाही. मग असले काम उद्या तुमच्याही हातून होईल. अक्षर ओळखणारा एक माणूस वाढला, की हरवलेले एखादे पान सापडते.