वाट पाहायला लावणारा सिनेमा

खरं सांगायचं तर मणी कौल यांचा 'उसकी रोटी' मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा अर्ध्या तासात उठून चहाला गेलो. फिल्म सोसायटीचा खेळ होता. पडद्यावर पंजाबातल्या गावाबाहेरचा रस्ता, आणि बसड्रायव्हर नवऱ्यासाठी रोटी घेऊन थांबलेली बालो. एक दिवस तिला उशीर झाला, नवरा रागावून तसाच निघून गेला. आता ती वाट पाहते आहे. झालं, एवढीच गोष्ट!

मोहन राकेश यांच्या कथेवरचा हा चित्रपट 1969चा. कौल तेव्हा पंचविशीत होते. जन्म जोधपूरचा, शिक्षण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, ऋत्विक घटकांच्या हाताखाली. छायाचित्रणकार के. के. महाजन. कौलांनी भिंगं मुख्यतः दोनच वापरली, 28 आणि 135 मिलिमीटरची. सुरुवातीला एक प्रत्यक्षासाठी, दुसरं बालोच्या मनातल्या चित्रांसाठी. पुढे ही वाटणीच उलटत जाते. मग बस खरोखर आली की तिला आल्यासारखी वाटली, हे आपल्यालाही कळेनासं होतं. नट तर संवादात भावना ओततच नाहीत.

माझे वडील एस.टी.त ड्रायव्हर होते. मुक्कामी गाडी असली की आई डबा घेऊन फाट्यावर उभी राहायची. मी तिथंच खेळत असायचो; पण ती किती वेळ उभी होती, हे कधी मनातसुद्धा आलं नाही. दुसऱ्यांदा 'उसकी रोटी' पाहिला, तेव्हा ते आलं.

सिनेमा डोळ्यांपेक्षा काळाशी जास्त बांधलेला आहे, असं कौल मानत. याचं मूळ त्यांच्या गाण्यात असावं. ते झिया मोहिउद्दीन डागरांकडे धृपद शिकले. पनवेलजवळ पळस्प्याला ज्यांचं गुरुकुल होतं, तेच हे डागर. आलापात गवय्या एकेका सुरावर रेंगाळतो, पुढे जायची घाई करत नाही. 1982च्या 'ध्रुपद' या माहितीपटात कॅमेराही तसाच वागतो. पुढे पुढे तर ते छायाचित्रणकाराला व्ह्यूफाइंडरमधून न बघता चित्रीकरण करायला सांगत! चौकट फार नेटकी झाली की तिच्यातला जीव जातो, अशी त्यांची भीती.

हे सगळ्यांनाच रुचलं असं नाही. सत्यजित राय यांनी या चित्रपटांवर टीका केली होती. मलाही काही ठिकाणी हा हट्ट वाटतो. पण 'दुविधा' (1973) पाहावाच. विजयदान देथांची हीच कथा अमोल पालेकरांनी 2005मध्ये 'पहेली'त सांगितली. तिथे गाणी आहेत, शाहरुख खान आहे. कौलांकडे मात्र स्तब्ध झालेल्या चौकटी आणि नववधूचा चेहरा. त्याबद्दल त्यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 2011मध्ये ते गेले.

आईला मी 'उसकी रोटी'ची गोष्ट एकदा सांगितली होती. नट कोण, दिग्दर्शक कोण, काही विचारलं नाही तिनं. म्हणाली, "मग गाडी आली का शेवटी?"

"आली," मी म्हटलं, "पण रात्री."