नऊ नाण्यांचा वाद : त्लॉनचे दर्शन आणि आपली क्रियापदे

कल्पित जग उभे करणारे लेखक बहुधा त्या जगाचा नकाशा देतात, राजांच्या वंशावळी देतात, क्वचित स्वतंत्र लिपीही देतात. पण त्या जगातल्या माणसांना वस्तू ‘दिसते’ म्हणजे नेमके काय घडते, हा प्रश्न फार थोड्यांनी हाती घेतला. अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुइस बोर्हेस (१८९९–१९८६) यांनी ‘त्लॉन, उक्बार, ऑर्बिस तेर्तिउस’ या कथेत तो घेतला. ही कथा १९४० साली ‘सूर’ या नियतकालिकात आली आणि पुढे १९४४च्या ‘फिक्सिओनेस’मध्ये समाविष्ट झाली. एका गुप्त मंडळाने रचलेल्या ज्ञानकोशातून आपल्याला त्लॉन नावाच्या ग्रहाची ओळख होते. भाषेच्या अभ्यासकाने ही कथा वाचावी असे मला वाटते, कारण तिच्यातले दर्शन आणि व्याकरण एकमेकांपासून वेगळे काढता येत नाही.

त्लॉनवासीयांच्या मते जग म्हणजे अवकाशात मांडलेल्या वस्तूंचा संग्रह नव्हे, तर एकामागून एक घडणाऱ्या सुट्या मानसिक कृतींची मालिका होय. क्षितिजावर धूर दिसतो, मग पेटलेले शेत दिसते, मग अर्धवट विझलेली सिगारेट दिसते. आपण म्हणू की सिगारेटीने शेत पेटले. तिथले लोक म्हणतात, या तीन कल्पना मनात शेजारी आल्या, इतकेच. आपल्या नैयायिकांचे अनुमानाचे लाडके उदाहरण नेमके हेच आहे : पर्वतावर धूर आहे, म्हणून तिथे अग्नी आहे. धूर आणि अग्नी यांचे नित्य साहचर्य, म्हणजे व्याप्ती, हा या अनुमानाचा कणा. त्लॉनमध्ये तो कणाच काढून घेतलेला आहे. नैयायिक प्रत्यक्षाची व्याख्या इंद्रिय आणि पदार्थ यांच्या संनिकर्षाने करतात. जिथे पदार्थच मानलेला नाही तिथे संनिकर्ष कोणाशी होणार?

या दर्शनाला साजेशी भाषाही आहे. त्लॉनच्या दक्षिण गोलार्धातल्या भाषांत नामे नाहीत, फक्त कर्त्यावाचूनची क्रियापदे आहेत. ही कल्पना मराठी वाचकाला वाटते तितकी परकी नाही. ‘उजाडले’, ‘सांजावले’, ‘मला मळमळते’, ‘बाहेर गडगडते आहे’ ही आपली भावकर्तृक क्रियापदे पाहा. कोण उजाडले, हा प्रश्न इथे गैरलागू ठरतो. ‘सांजावणे’च्या धर्तीवर ‘चंद्रावणे’ असे क्रियापद घडवले आणि ‘चंद्र’ हे नाम कोशातून काढून टाकले, तर आपण त्लॉनच्या वेशीपर्यंत पोहोचतो. आपण तिथे राहत नाही, एवढाच फरक.

आता वादाकडे येऊ. त्लॉनमधल्या एका पाखंडी विचारवंताने पुढील कोडे मांडले. मंगळवारी एका निर्जन रस्त्यावर ‘क्ष’ची नऊ तांब्याची नाणी हरवतात. गुरुवारी ‘य’ला त्याच रस्त्यावर चार नाणी सापडतात, बुधवारच्या पावसाने किंचित गंजलेली. शुक्रवारी ‘ज्ञ’ला रस्त्यावर तीन सापडतात, आणि त्याच दिवशी सकाळी ‘क्ष’ला स्वतःच्या घराच्या व्हरांड्यात दोन सापडतात. पाखंडी म्हणतो : मधल्या काळात कोणीही पाहत नसताना ही नाणी होतीच.

आपल्याला यात वाद घालण्यासारखे काही वाटत नाही. त्लॉनमध्ये मात्र खळबळ उडते. सनातनी पंडित पहिला आक्षेप घेतात तो भाषेवर. ‘हरवणे’ आणि ‘सापडणे’ या शब्दांतच नाण्यांचे सातत्य गृहीत धरले आहे. जे सिद्ध करायचे तेच आधी मानले आहे. नऊ रात्री नऊ माणसांना कळ आली, तर ती एकच कळ होती असे कोणी म्हणेल काय? पुढे शंभर वर्षांनी दुसरा विचारवंत तोडगा काढतो : द्रष्टा एकच आहे, आणि क्ष, य, ज्ञ ही त्याचीच रूपे आहेत.

हा वाद आपल्याकडे खराखुरा झाला आहे. वसुबंधूने ‘विंशतिका’मध्ये प्रतिपक्षाचा आक्षेप स्वतःच नोंदवला : बाह्य वस्तू नसेल तर ठरावीक जागी, ठरावीक वेळी, आणि अनेकांना सारखेच का दिसते? जागा आणि वेळ यांसाठी त्याने स्वप्नाचा दाखला दिला. अनेकांच्या समान अनुभवासाठी प्रेतांचा दाखला दिला : समान कर्मविपाकामुळे त्या सर्वांना पुवाने भरलेली एकच नदी दिसते. उलट शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात विज्ञानवाद खोडताना लोकांच्या अनुभवावर बोट ठेवले : खांब किंवा भिंत पाहणारा माणूस खांब आणि भिंतच पाहतो, आपले ज्ञान पाहत नाही. त्लॉनच्या दुसऱ्या विचारवंताचा एकच द्रष्टा अद्वैताजवळचा वाटतो खरा, पण आचार्यांनी नाण्यांच्या बाबतीत पाखंड्याचीच बाजू घेतली असती.

मराठीत हा सगळा वाद क्रियापदांत साठलेला आहे. ‘मी डोंगर पाहतो’ म्हणताना कर्ता मी असतो. ‘मला डोंगर दिसतो’ म्हणताना डोंगर कर्ता होतो आणि मी चतुर्थीत सरकतो. ‘सापडणे’मध्ये वस्तू आधीपासून कुठेतरी होती, ‘मिळणे’मध्ये ती कोणाकडून तरी आली, ‘भासणे’मध्ये ती आहेच याची खात्री नाही. इंदूरमध्ये शिकवताना मी ऐकतो की हिंदीतल्या ‘मिलना’च्या सोयीमुळे किल्लीही ‘मिळते’ आणि बाजारात मित्रही ‘मिळतो’. याला मी अशुद्ध म्हणत नाही. दोन भाषांत वाढणाऱ्या मुलांची ती स्वाभाविक बोली आहे. पण तिच्यात ‘सापडणे’ मागे पडते, आणि त्याबरोबर न दिसणाऱ्या वस्तूच्या असण्यावरचा आपला विश्वास बोलून दाखवणारा शब्दही.

कथेच्या शेवटी त्लॉनचा ज्ञानकोश आपल्या जगात पसरतो, शाळांत त्लॉनची भाषा शिरते आणि जुन्या भाषा पुसल्या जाणार हे स्पष्ट होते. कोणी सक्ती केलेली नसते. नवी व्यवस्था लोकांना नीटनेटकी वाटते, म्हणून ते तिला वश होतात. महाराष्ट्राबाहेर मराठी शिकवणाऱ्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

अध्यापकांसाठी एक स्वाध्याय सुचवतो. नाण्यांची हकीकत विद्यार्थ्यांना ‘हरवणे’, ‘सापडणे’, ‘मिळणे’ न वापरता, केवळ ‘दिसणे’ आणि ‘वाटणे’ वापरून लिहायला सांगावी. लिहिता लिहिता त्यांच्या लक्षात येईल की चार, तीन आणि दोन यांची बेरीज करण्याचा आधारच उरलेला नाही. नाणी नऊ होती, हे सांगायलासुद्धा ती हरवलेली असावी लागतात.