दिशाभूल : रानवाटेपासून हिशेबाच्या वहीपर्यंत

‘दिशाभूल’ म्हणजे आधी फक्त दिशा चुकणे. यातला ‘भूल’ जुना आहे. बाराव्या शतकात हेमचंद्राने प्राकृत व्याकरणात ‘भ्रंश’ धातूच्या जागी ‘चुक्क’ आणि ‘भुल्ल’ ही रूपे दिली. आपले चुकणे आणि भुलणे त्याच घरातले. दोन्हींच्या मुळाशी वाट सुटणे आहे, लबाडी नाही. दिशाभूल ‘होते’ तेव्हा दोष कुणाचाच नसतो. ती कुणीतरी ‘करतो’ तेव्हा मात्र गुन्हेगार उभा राहतो.

जव्हार-मोखाड्याच्या डोंगरात पावसाळी धुके उतरले की हाताच्या अंतरावरचा सागही दिसत नाही. रानात माणूस फिरून फिरून त्याच झाडाशी आला, की मराठी मुलखात ‘चकवा लागला’ म्हणतात. उपाय एकच सांगतात: बसून राहा, उजाडू द्या.

माणसाने घातलेला चकवा असा उजाडल्यावर सुटत नाही. लग्नासाठी कर्ज काढून सावकाराकडे राबणारा ‘लग्नगडी’ याच पट्ट्यातला. कोऱ्या कागदावर अंगठा, आकडे सावकाराचे. शेजारच्या डहाणू-तलासरी भागात 1945 साली वारली वेठीविरुद्ध उठले, शेतकरी चळवळीतल्या नेत्या गोदावरी परुळेकर त्यांच्यासोबत होत्या. वेठबिगारीवर देशभर बंदी घालणारा कायदा 1976 चा. तरी दिवाळीनंतर इथली कुटुंबे आजही उचल घेऊन वीटभट्ट्यांवर जातात, आणि उचल किती फिटली हे बहुतेक वेळा मालकाची वहीच ठरवते. कामाचा हिशेब मजुराच्या हातात लेखी मिळालाच पाहिजे.