'गॉड ऑफ वॉर' : ग्रीक पुराणांकडून नॉर्स पुराणांकडे

सोनीच्या सँटा मोनिका स्टुडिओने घडवलेल्या 'गॉड ऑफ वॉर' या व्हिडिओ गेम मालिकेचा पहिला भाग मार्च २००५ मध्ये प्लेस्टेशन २ या कन्सोलसाठी, म्हणजे टीव्हीला जोडून खेळायच्या यंत्रासाठी, प्रसिद्ध झाला. त्यात स्पार्टाचा योद्धा क्रेटोस ग्रीक युद्धदेव एरिसवर सूड उगवतो. दुसरा भाग २००७ मध्ये आला तेव्हा प्लेस्टेशन ३ बाजारात दाखल झालेले होते, तरीही तो जुन्याच यंत्रासाठी काढण्यात आला, आणि हा निर्णय शहाणपणाचाच म्हणावा लागेल, कारण ते यंत्र तोवर कोट्यवधी घरांत पोहोचले होते. त्याची कथा ऐन चढाईच्या क्षणी तोडलेली असल्याने ग्रीक देवांच्या ऑलिंपस पर्वतावरील युद्ध पाहण्यासाठी खेळाडूंना २०१० मधील तिसऱ्या भागापर्यंत थांबावे लागले. हातात धरून खेळायच्या पीएसपी यंत्रासाठीचे दोन भाग रेडी ॲट डॉन या स्टुडिओने तयार केले. २०१३ मध्ये आलेल्या 'असेन्शन'मध्ये पूर्वकथाच सांगितलेली असल्यामुळे मालिका काहीशी जागच्या जागी घुटमळल्यासारखी वाटते.

खरे वळण एप्रिल २०१८ मधील नव्या भागात आले. दुसऱ्या भागाचे दिग्दर्शक कोरी बार्लॉग यांनी क्रेटोसला स्कँडिनेव्हियाच्या नॉर्स पुराणांत आणले, त्याला अट्रेयस हा मुलगा दिला आणि सारी कथा एकाही दृश्यकापाशिवाय, एकसलग कॅमेऱ्यातून दाखवली. नॉर्स देवांच्या विनाशाच्या कथेवर बेतलेला 'रॅग्नारोक' नोव्हेंबर २०२२ मध्ये प्लेस्टेशन ४ व ५ या दोन्ही यंत्रांसाठी प्रसिद्ध झाला, तर संगणकावरील आवृत्ती २०२४ मध्ये आली.