धरलेल्या गाडीचे पुढे काय होते?

भीमा, गोदावरी किंवा वैनगंगा, यांच्या काठच्या एखाद्या तालुक्याच्या गावी गेलात, तर तहसील कचेरीच्या आवारात वाळूचे ट्रॅक्टर व डंपर उभे दिसतात. चाकांतली हवा गेलेली, हौद्यात गवत उगवलेले. पाहणारा म्हणतो, 'सरकारने गाडी घेतली.' हे म्हणणे कायद्याला धरून नाही. या गैरसमजाची झळ मालकाला लागते आणि त्याहून अधिक चालकाला. वाहतूक कामगारांत वावरताना आम्ही हे नित्य पाहतो. म्हणून विषय मुळापासून मांडतो.

गाडी अटकावून ठेवणे निराळे आणि ती सरकारजमा करणे निराळे. अटकावलेली गाडी मालकाचीच असते. सरकारजमा झाली की मालकी संपते. या दोहोंच्या मध्ये अधिकाऱ्याचा किंवा न्यायाधीशाचा लेखी हुकूम उभा असतो. तो कोणी द्यायचा, हे गाडी कोणत्या वाटेने गेली त्यावर ठरते. वाटा दोन आहेत.

पहिली वाट महसुलाची. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ प्रमाणे परवान्यावाचून वाळू नेणाऱ्यास तिच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. गाडी अटकावण्याचा अधिकार तहसीलदाराच्या दर्जापासून वर आहे. पण ती सोडण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्याचा, किंवा त्याने नेमलेल्या व उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्याचा आहे. त्याच्यापुढे गाडीचे प्रकरण ४८ तासांत गेले पाहिजे. मालकाने ठरलेला दंड भरावा, पुन्हा असे करणार नाही असा जातमुचलका लिहून द्यावा, म्हणजे तो अधिकारी गाडी सोडू शकतो. १२ जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेने हा दंड ट्रॅक्टरला १ लाख व डंपरला २ लाख रुपये असा ठरवला.

हिशेब करून पाहू. समजा, डंपरमध्ये ३ ब्रास, म्हणजे ३०० घनफूट वाळू आहे व ब्रासचा भाव ६,००० रुपये आहे. वाळूची किंमत झाली १८,०००. पाचपट धरली तर ९०,०००. त्यात गाडीचे २ लाख मिळवा. अठरा हजारांच्या मालापायी दोन लाख नव्वद हजार!

दुसरी वाट फौजदारी न्यायालयाची. खाणी व खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम २१ खाली गाडी सरकारजमा करण्याचा हुकूम न्यायालय देते. शिवाय नदीतील वाळू सरकारी मालमत्ता असल्याने तिची चोरी हा स्वतंत्र गुन्हा ठरतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली दिल्लीच्या एका प्रकरणात सांगितले. म्हणून तहसिलात दंड भरला की सारे मिटले, असे समजू नये. पोलिसांच्या गुन्ह्यात गाडी मुद्देमाल होते, आणि मुद्देमाल दंडाधिकाऱ्याच्या हुकुमावाचून सुटत नाही.

मात्र मुद्देमाल गंजत ठेवावा, असेही कायदा म्हणत नाही. गुजरातमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००२ सालीच बजावले की, गाड्या ठाण्यात महिनोन्‌महिने ठेवू नयेत. पंचनामा करून, छायाचित्रे काढून व जामीन घेऊन त्या परत द्याव्या. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ मध्ये यादी, छायाचित्रे व निकाली हुकूम यांना दिवसांच्या मुदती घातल्या आहेत. मुदत आपोआप पाळली जात नाही. अर्ज करून ती मागावी लागते.

आता चालकाचे पाहा. कलम ४८ गाडी सोडवण्याची वाट दाखवते, ती मालकाला. न्यायालयातही गाडीवर हक्क सांगतो तो नोंदणीकृत मालकच. पण फिर्यादीत आरोपी म्हणून नाव येते ते सुकाणू धरणाऱ्याचे. डंपर सुटून दुसऱ्या कामाला लागतो, आणि रोजावरचा चालक मजुरी बुडवून तारखांना खेटे घालत राहतो. लोखंडाला सुटकेची वाट आहे, माणसाला ती शोधावी लागते.

आम्ही वाळूचोरीची तरफदारी करीत नाही. नदीतील वाळू पाणी धरून ठेवते. ती उपसली की काठच्या विहिरींचे पाणी खाली जाते, आणि त्या विहिरी आपल्याच भाऊबंदांच्या असतात. आमचे म्हणणे इतकेच की, जबाबदारी कमाईच्या मापाने वाटली जावी. ज्याने गाडी पाठवली, त्याचे नाव तपासात आलेच पाहिजे.

तोवर चालकाने तीन गोष्टी पाळाव्या. वाहतूक पासावरील गाडीचा क्रमांक, तारीख व वेळ पाहिल्यावाचून गाडी हलवू नये. 'पास मागून येतो' हे मालकाचे वाक्य कोणत्याही कचेरीत चालत नाही. पंचनामा वाचल्याखेरीज सही करू नये. वाचता येत नसेल तर वाचून घ्यावा. गाडी कोणाच्या सांगण्यावरून व कोठे नेत होतो, हे पहिल्याच जबाबात लिहवून घ्यावे. नंतर सुचलेले सत्य न्यायालयाला बनाव वाटते.