सामायिक खिडकीचा कारभार

संगणकावर पत्रे लिहिणारा कारकून, हिशेब मांडणारा व्यापारी आणि छायाचित्रे नीटनेटकी करणारा छायाचित्रकार हे तिघे तीन निरनिराळे प्रोग्रॅम वापरीत असतात. त्या प्रोग्रॅमांचे कर्ते वेगळे, रंगरूप वेगळे आणि हेतूही वेगळे. परंतु जुनी फाइल उघडण्याची वा नवी जतन करण्याची वेळ आली की तिघांच्याही पडद्यावर बहुधा एकाच घडणीची खिडकी उघडते. एका बाजूस फोल्डरांची यादी, मध्ये फायली, खाली नाव लिहिण्याची चौकट आणि तिच्यालगत दोन बटने. ही खिडकी नेमकी कोणाची, आणि तिघांच्या घरी ती एकसारखी कशी आली, याचा आज थोडा विचार करू.

आपल्याकडे पुष्कळ गावांत लग्नकार्यास लागणारी मोठी भांडी देवस्थानाच्या कोठीत ठेवलेली असत. ज्याच्या घरी कार्य, त्याने ती न्यावीत आणि काम होताच परत आणून ठेवावीत. वर्षातून एखाद्या दिवसासाठी प्रत्येकाने हंडे आणि पराती विकत घेण्याचे कारण नसे. विंडोज या संगणकप्रणालीत अशीच एक कोठी आहे. तिच्यातील फायलींना ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’, संक्षेपाने ‘डीएलएल’, असे म्हणतात. पुष्कळ प्रोग्रॅमांना लागणारे काम एकदाच लिहून अशा फाइलीत ठेवलेले असते. प्रोग्रॅम चालू होताना किंवा चालू असताना तिच्याशी जोडला जातो आणि तेवढे काम तिच्याकडून करवून घेतो. एकाच वेळी दहा प्रोग्रॅम चालू असले, तरी त्या कामाच्या सूचनांची एकच प्रत स्मृतीत ठेवून भागते.

खिडकीचे काम सांभाळणाऱ्या फाइलीचे नाव ‘कॉमडीएलजी३२’. फाइल उघडणे, जतन करणे, छपाईची तजवीज, अक्षरांचे वळण निवडणे, रंग निवडणे, शब्द शोधणे व बदलणे, या सर्व संवादांच्या खिडक्या तिच्याकडे आहेत. येथे एक बारकावा ध्यानात घेण्याजोगा आहे. फाइल उघडण्याची खिडकी स्वतः फाइल उघडीत नाही. ती फक्त आपली निवड विचारते आणि निवडलेल्या फाइलीचा पत्ता प्रोग्रॅमच्या हाती देते. पुढचे काम ज्याचे त्याने करावयाचे.

ही सोय १९९२ साली विंडोज ३.१ बरोबर आली. तत्पूर्वी प्रत्येक कर्त्याला आपली खिडकी स्वतः घडवावी लागे, आणि वापरणाऱ्याला प्रत्येक प्रोग्रॅममध्ये नव्याने धडे गिरवावे लागत. १९९५ साली खिडकीचे रूप पालटले. फाइलीच्या नावावरील आठ अक्षरांचे बंधनही त्याच वेळी सुटले. २००७ साली विंडोज व्हिस्टा सर्वांच्या हाती आली तेव्हा ती पुन्हा बदलली. ज्या प्रोग्रॅमांनी खिडकीत पदरचे फेरफार केले नव्हते, त्यांना हा नवा पेहराव एक ओळही न बदलता मिळाला. कोठीतले भांडे नवे आले, म्हणजे गावातल्या प्रत्येक पंगतीला ते आपोआप मिळते.

मराठी माणसाचा या कारभाराशी एक खास संबंध येतो. या फाइलीकडे फाइलीचे नाव विचारण्याच्या दोन वाटा आहेत. एक वाट जुन्या अक्षरतक्त्यांची, आणि दुसरी जगातील बहुतेक लिप्यांना सामावून घेणाऱ्या युनिकोडची. विंडोजच्या त्या जुन्या तक्त्यांत देवनागरीला जागाच नव्हती. म्हणून एखादा जुना प्रोग्रॅम पहिल्या वाटेने गेला, तर ‘जमाखर्च’ या नावाऐवजी त्याच्या हाती नुसती प्रश्नचिन्हे पडतात आणि फाइल उघडत नाही. अशा वेळी फाइल बिघडली असे समजून ती पुसून टाकू नये. फाइल शाबूत असते. तिला रोमन अक्षरांत नाव दिले की बहुधा काम होते.

सामायिक वस्तूला सामायिक धोकाही असतोच. १९९० नंतरच्या दशकात अनेक प्रोग्रॅम संगणकावर येताना आपल्या सोबतच्या डीएलएल फायली कोठीत टाकीत, आणि कित्येकदा तेथील नव्या फाइलीच्या जागी आपली जुनी ठेवून मोकळे होत. कोणी मोठा हंडा उचलून त्या जागी आपला गळका ठेवावा, तसाच हा प्रकार. दोष एकाचा, आणि बंद पडत दुसऱ्याचे प्रोग्रॅम. विंडोज २००० पासून प्रणाली आपल्या मूळ फायलींवर पहारा ठेवू लागली, आणि कोणी त्या बदलल्या तर मूळ प्रत पुन्हा जागेवर आणू लागली.

तथापि पहारेकऱ्याला चुकवून आपणच परक्याला कोठीची किल्ली दिली, तर उपाय काय? ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असा संदेश दिसताच पुष्कळ जण ती फाइल इंटरनेटवरील अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेतात. डीएलएल ही निर्जीव नोंद नव्हे. तिच्यात चालणाऱ्या सूचना असतात, आणि प्रोग्रॅमला जे अधिकार असतात ते सर्व तिलाही मिळतात. नाव तेच असले तरी आतला माणूस तोच असेल, याची हमी कोण देणार? म्हणून हरवलेली फाइल एखाद्या प्रोग्रॅमची असेल, तर तो प्रोग्रॅम त्याच्या मूळ कर्त्याकडूनच पुन्हा बसवावा. ती विंडोजची असेल, तर विंडोजमधीलच ‘सिस्टिम फाइल चेकर’ ही तपासणी चालवावी. बिघडलेल्या मूळ फायली शोधून त्यांच्या जागी चांगल्या प्रती बसविण्याचे काम ती करते.

कोठीतले भांडे हरवले, तर ते देवस्थानाकडूनच मागून घ्यावे. रस्त्यावरच्या अनोळखी माणसाने दिलेल्या हंड्यात साऱ्या गावाचा स्वयंपाक करण्याचे धाडस कोणी शहाणा गृहस्थ करणार नाही.