सहा मात्रांचा खोडकरपणा

धुळे-जळगावकडच्या लग्नात वरात एकाच चौकात रेंगाळली, की बेंजोवाल्यानं अहिराणी गाणं धरलं असं समजावं. 'हाई झुमकावाली पोर' लागलं तर मुहूर्त गेलाच. तमिळ सिनेमातल्या कुत्तु गाण्यांवर, २००८ च्या 'नाक्क मुक्क'वर म्हणा, एकही शब्द न कळता जे नाचले असतील त्यांना ही करामत ओळखीची वाटेल. दोन्हीकडे ती बरीचशी ठेक्यात आहे.

सहा आकडे सारख्या अंतरानं मोजून पाहा. एक आणि चारवर जोर दिला, तर दोन पावलं पडतात. तेच सहा एक, तीन, पाचवर तोडले, तर तीन हिसके मिळतात. पाय दोनाच्या हिशेबानं चालतात, खांदे तिनाच्या. कानाला दोन्ही हिशेब एकदम ऐकू येतात आणि कुठल्याच एकावर स्थिरावता येत नाही. अंग वळवळायला लागतं ते इथे.

संबळात हे उघड दिसतं. कमरेला बांधलेल्या जोडीतलं एक भांडं खर्जात बोलतं, दुसरं चढ्या आवाजात. पहिलं पायांना सांभाळतं, दुसरं खांद्यांना चिथावतं.

बेंजोचं नाव अमेरिकी, वंश मात्र जपानी: १९१२ मध्ये नागोयात तयार झालेल्या ताइशोगोतोचं हे भावंड. डाव्या हाताखाली टाइपरायटरसारख्या कळा, उजव्या हातात तारा छेडायची पट्टी. छेडलेली तार चटकन विझते. सूर लांबवायचा तर त्याच तारेवर पट्टी भराभर फिरवावी लागते. म्हणजे लांब सूरसुद्धा आघातांचाच, आणि सुरावटही ठेका धरते. बेंजोवर संथ भावगीत चिडल्यासारखं वाजतं ते यामुळेच.

साक्रीच्या पश्चिम पट्ट्यातली आदिवासी पावरी उलट वागते. भोपळा, बांबू आणि शिंग जोडलेलं हे वाद्य अखंड घुमत ठेक्यातल्या फटी भरून काढतं. हल्ली तिचा आवाज कीबोर्डवरच काढतात. नाचणाऱ्यांची तक्रार नसते. माझी थोडी आहे.

शब्दांची ओळ आखूड, चिडवणारी, पहिल्याच फेरीत पाठ होणारी. गायक ती अर्ध्यावर सोडतो, उरलेली गर्दी पुरी करते. वाजवणारेही तसेच फसवतात: ऐन भरात सगळी वाद्यं एकदम बंद. हात वर, पाय अधांतरी. मोजणी मात्र अंगात चालूच असते, म्हणून संबळ परत वाजू लागतो तेव्हा पाऊल बरोबर एकवर येतं. लय तेवढ्यात किंचित चढवलेली असते, आणि ते कुणाच्या ध्यानात येत नाही.

नागपंचमीनंतरच्या रविवारी बसवलेल्या कानबाईला सोमवारी निरोप देतानाही हा खेळ रंगतो. तिथे ठेका ढिला पडला, तर वाजवणाऱ्यांना दटावायला आज्याच पुढे येतात.